तुम्ही विचारा: या अंकात नुसता फिलर

मागच्या अंकात एका वाचकाने जुन्या दरवाजाला कुठला फिलर, म्हणजे खाचा भरायचं मटेरियल, लावू असं विचारलं होतं, मी दोन ओळीत सांगून मोकळा झालो. त्यानंतर जो तो आपापला फिलर घेऊन हजर. कुणाचा ओठातला, कुणाचा गोळीतला, कुणाचा चक्क स्लॅबमधला. संपादक म्हणाले होऊन जाऊ दे अख्खं पान, तर घ्या. नावं काढून टाकलीयेत, गाव तेवढं ठेवलंय.

प्रश्न : मुलीचं लग्न डिसेंबरात आहे, तिला ओठांना फिलर करून घ्यायचंय. आमच्या इथली पार्लरवाली म्हणते ते बोटॉक्सच असतं, सुई पण नको, पेनाने करते, निम्म्या पैशात. मला मनातून नकोच वाटतंय पण ती ऐकत नाही. (एक आई, नाशिक)

ताई, करायचं की नाही ते मुलीला ठरवू दे, ओठ तिचे आहेत. पण पार्लरमध्ये नाही म्हणजे नाही. बोटॉक्स आणि फिलर या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि जिला एवढं पण माहीत नाही तिच्या हातात चेहरा द्यायचा नाही. बोटॉक्स स्नायू ढिला पाडतं म्हणून कपाळावरच्या आठ्या कमी दिसतात. फिलर जागा भरतो, ओठ, गाल, डोळ्याखालचा खड्डा. अमेरिकेत 1981 ला पहिली परवानगी मिळाली ती गाईच्या कोलॅजनच्या फिलरला, त्याची काहींना ॲलर्जी यायची म्हणून आधी हातावर टेस्ट करावी लागायची. 2003 ला तिथे हायलुरॉनिक ॲसिडची जेल आली आणि कोलॅजन मागे पडलं. हे ॲसिड आपल्या अंगात असतंच आणि मोठा फायदा म्हणजे नको झालं किंवा काही बिघडलं तर हायलुरॉनिडेज नावाचं इंजेक्शन देऊन विरघळवता येतं. ओठात साधारण सहा महिने ते वर्षभर टिकतं, मग परत खर्च.

आता ते पेन. त्यात सुई नसते, हवेच्या प्रेशरने जेल कातडीत घुसवतात, ती किती खोल जाईल आणि कुठे जाईल यावर कुणाचाच कंट्रोल नाही. अमेरिकेत औषधांवर देखरेख ठेवणाऱ्या एफडीएने 2021 च्या ऑक्टोबरात असली पेनं वापरू नका म्हणून स्पष्ट सांगितलंय. फिलरमधला खरा धोका सुजेचा नाही, जेल रक्तवाहिनीत गेली तर पुढचा रक्तपुरवठा बंद पडतो, कातडी पांढरी पडते, मग जांभळट जाळी दिसायला लागते, जोरात दुखतं, आणि डोळ्याकडे जाणारी वाहिनी असेल तर दृष्टी पण जाऊ शकते. क्वचित होतं, पण होतं. म्हणून त्वचारोगतज्ज्ञ नाहीतर प्लास्टिक सर्जन, आणि त्यांना सरळ विचारायचं की हायलुरॉनिडेज इथे दवाखान्यात ठेवलेलं आहे का. आहे म्हणाले तर दाखवा म्हणा, लाजायचं नाही. बॉक्स समोर फोडायला लावा, त्यावरचा बॅच नंबरचा स्टिकर फाईलला लावून घ्या. आणि हळदीच्या आधल्या आठवड्यात अजिबात नको, सूज आणि काळेनिळे डाग उतरायला वेळ लागतो, निदान महिनाभर आधी.

प्रश्न : बीमच्या खाली भिंतीला आडवी भेग गेलीय. पेंटर म्हणतो लांबी मारून देतो, दुकानदार म्हणतो क्रॅक फिलर घ्या. कोण फसवतोय? (कोल्हापूर)

फसवत कुणीच नाहीये, पण पेंटर आळस करतोय. लांबी, म्हणजे पुट्टी, पातळ थर मारून भिंत गुळगुळीत करायला असते. ती भेगेत जाड भरली की वाळताना आक्रसते आणि उन्हाळ्यात त्याच जागी रेघ परत येते, मग पेंटर म्हणतो भिंतच तशी आहे. क्रॅक फिलरमध्ये थोडी ताणायची ताकद असते. पण कुठलंही भरा, आधी भेग मोठी करायची, हेच लोकांना पटत नाही. पत्र्याच्या कोपऱ्याने व्ही आकाराची खाच पाडायची, ब्रशने धूळ झाडायची, डब्यावर लिहिलं असेल तर पाणी मारायचं, एकदम न भरता दोन हातात भरायचं, पूर्ण वाळलं की पॉलिश पेपर आणि मग वरून लांबी. तुमची भेग बीम आणि विटांच्या जोडावर आहे, तिथे काँक्रीट वेगळं हलतं आणि वीट वेगळी हलते, त्यामुळे परत परत येत असेल तर प्लास्टर काढून चिकन मेश, म्हणजे तारेची बारीक जाळी, ठोकूनच प्लास्टर करायला पाहिजे. आणि भेग तिरकी जात असेल किंवा बीममध्येच असेल, गंजाचे डाग दिसत असतील, तर फिलर, लांबी, पेंटर सगळं बाजूला ठेवा आणि इंजिनिअरला बोलवा.

प्रश्न : हिंगाच्या डबीवर गव्हाचं पीठ लिहिलंय. सरळसरळ भेसळ नाही का ही? आमच्या सासूबाई खडा हिंग आणायच्या. (सांगली)

सासूबाईंचा खडा पण बहुतेक बांधानीच असणार, काकू. अस्सल हिंग म्हणजे फेरुला नावाच्या झाडाच्या मुळातून निघणारा चीक, तो अफगाणिस्तान, इराण, उझबेकिस्तान इकडून येतो. आपल्याकडे हिमाचलातल्या लाहौलमध्ये 2020 च्या ऑक्टोबरात पहिली रोपं लावलीत. तो चीक इतका उग्र असतो की फोडणीत जरा जास्त पडला तर आमटी कडू. म्हणून त्यात डिंक आणि मैदा किंवा तांदळाचं पीठ घालून तो बांधतात, म्हणून तर नाव बांधानी. पीठ आहे म्हणून तर चिमूटभर मोजता येतो. घरात कुणाला गव्हाचं चालत नसेल तर मात्र डबी नीट वाचायची, तांदळाच्या पिठातला हिंग पण मिळतो.

भेसळ कशाला म्हणायचं याचा माझा हिशोब साधा आहे. डबीवर लिहून घातलं तर फिलर, न सांगता घातलं तर भेसळ. पदार्थ तोच असेना का.

प्रश्न : थायरॉइडची 50 मायक्रोग्रॅमची गोळी घेते. मेडिकलवाल्याने दुसऱ्या कंपनीची दिली, म्हणाला औषध तेच आहे, वरचा फिलर वेगळा. डॉक्टर म्हणाले मला विचारल्याशिवाय कंपनी बदलायची नाही. फिलरने काय फरक पडतो एवढा? (एक आजी, सातारा)

आजी, तुमच्या गोळीत औषध किती आहे ते आधी बघा. एक ग्रॅम थायरॉक्सिन, म्हणजे गोळीतलं मूळ औषध, घेतलं तर 50 मायक्रोग्रॅमच्या वीस हजार गोळ्या होतात. शंभर गोळ्यांच्या अख्ख्या बाटलीत औषध फक्त पाच मिलिग्रॅम. नुसतं औषध दिलं असतं तर तुम्हाला चष्मा लावून पण दिसलं नसतं, बोटाला चिकटूनच गेलं असतं. हातात धरता येते ती जवळजवळ सगळी गोळी म्हणजे फिलर, लॅक्टोज किंवा स्टार्च किंवा लाकडाच्या लगद्यापासून केलेलं सेल्युलोज, आणि गोळी फुटू नये, मशीनला चिकटू नये म्हणून आणखी दोन चार गोष्टी.

आणि फरक पडतो. 1968 साली ऑस्ट्रेलियात फिट्सच्या औषधाचं असं झालं. फेनिटॉइनच्या कॅप्सूलमध्ये आधी कॅल्शियम सल्फेट भरायचे, कंपनीने ते बदलून लॅक्टोज घातलं. औषध तेच, मात्रा तीच. पेशंट मात्र झोकांड्या खायला लागले, गुंगी यायला लागली, रक्त तपासलं तर औषधाचं प्रमाण भलतंच वाढलेलं. कारण कॅल्शियम सल्फेटमुळे औषध पोटात नीट शोषलंच जात नव्हतं, आणि डॉक्टरांनी डोस त्या हिशोबाने बसवलेला. फिलर बदलला आणि सगळं औषध अंगी लागायला लागलं. हल्ली कंपन्यांना औषध रक्तात किती उतरतं त्याच्या चाचण्या कराव्या लागतात त्यामुळे इतकं सहसा होत नाही, पण थायरॉइडचं गणित बारीक असतं. तुमचे डॉक्टर बरोबर आहेत. मेडिकलवाल्याला म्हणावं तीच कंपनी दे, आणि नसेलच मिळत तर डॉक्टरांना सांगून बदला आणि पुढे ते म्हणतील तेव्हा टीएसएचची रक्ततपासणी करून घ्या. आणि हो, सकाळी उपाशीपोटी नुसत्या पाण्याबरोबर, चहाबरोबर नाही.

प्रश्न : गावी घर बांधतोय. आर्किटेक्ट म्हणतो जुन्या घराची मंगलोरी कौलं स्लॅबमध्ये घालू, फिलर स्लॅब करू. वडील चिडलेत, म्हणतात स्लॅब घालायचा तो कौलं नकोत म्हणून आणि हा कौलं आतच घालतोय. पडणार तर नाही ना? (सावंतवाडी)

वडिलांचा मुद्दा ऐकून मला हसू आलं, पण आर्किटेक्ट बरोबर आहे. स्लॅबवर भार आला की तो मधे खाली वाकायला बघतो, वरचा भाग दाबला जातो आणि खालचा ताणला जातो. काँक्रीट दाब मस्त घेतं, ताण घेत नाही. खालचा ताण सगळा सळई घेते आणि तिथलं काँक्रीट सळईला धरून ठेवण्यापलीकडे फारसं काही करत नाही. मग दोन सळयांच्या मधल्या चौकोनात महागडं काँक्रीट ओतण्यापेक्षा हलकं स्वस्त काहीतरी ठेवलं तर बिघडलं कुठं? लॉरी बेकर या आर्किटेक्टने केरळात वर्षानुवर्षं हेच केलं, तिरुअनंतपुरमला त्यांची घरं जाऊन बघता येतात. सिमेंट वाचतं, वजन कमी होतं, वजन कमी म्हणून सळई पण थोडी कमी लागते. दोन कौलं एकमेकांवर पालथी ठेवली तर मधे हवा अडकते आणि दुपारचं ऊन खाली कमी उतरतं, कोकणात याची किंमत वेगळी सांगायला नको.

बघायच्या गोष्टी अशा की सळयांची जाळी कौलाच्या मापाने बांधायची, कौलं तडकलेली नकोत, आणि ओतायच्या आधी ती पाण्यात भिजवून घ्यायची नाहीतर ती काँक्रीटमधलं पाणी शोषून घेतात. गवंडी याचा कंटाळा करतो, तेव्हा ओतायच्या दिवशी स्वतः उभं राहा. पंख्याचे हूक, लाइटचे पॉइंट आधीच ठरवा, नंतर कौलात ड्रिल मारत बसायची वेळ येऊ देऊ नका. डिझाइन स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून, अंदाजपंचे नाही. आणि वडिलांना सांगा, प्लास्टर नाही केलं तर झोपल्या झोपल्या वर आपलीच जुनी कौलं दिसतील, कदाचित तेवढ्यावर विरघळतील.

प्रश्न : राज्यसेवेच्या मुलाखतीची तयारी करतोय. मॉक इंटरव्ह्यूचं रेकॉर्डिंग ऐकलं तर दर वाक्याला 'म्हणजे' नाहीतर 'ॲक्च्युअली'. सर म्हणतात फिलर काढून टाक. काढायला गेलो की तोंडच उघडत नाही. (सदाशिव पेठ, मूळ गाव परभणी)

मित्रा, तू व्याकरण घोकलेला माणूस. केवलप्रयोगी अव्ययांच्या शेवटी, जिथे सगळे पान उलटतात, तिथे काय असतं आठव. पादपूरणार्थक अव्यये किंवा पालुपदे, बरं का, कळलं, जळलं मेलं, वगैरे. म्हणजे फिलरला आपल्याकडे आधीपासून खुर्ची मांडलेली आहे. आणि हे फार जुनं आहे, अमरकोशात सरळ यादीच दिलीय, 'तु हि च स्म ह वै पादपूरणे', श्लोकाचा चरण एखाद्या अक्षराने कमी पडला की कवींनी यातलं एक उचलायचं. संस्कृत कवीला चालतं आणि परभणीच्या पोराला चालत नाही असं थोडंच आहे.

माझं व्याकरणवाल्यांशी भांडण आहे ते वेगळंच. 'मी आपला गप्प बसलो' यातल्या 'आपला'ला पुस्तकात व्यर्थ उद्गारवाची म्हणतात. व्यर्थ? 'मी गप्प बसलो' म्हटलं की नुसती माहिती झाली. 'मी आपला गप्प बसलो' म्हटलं की कळतं की बोलण्यासारखं खूप होतं, समोरचा ऐकणारा नव्हता, कशाला उगीच तोंड वाजवा म्हणून गप्प बसलो. सगळं त्या एका 'आपला'मध्ये. तसंच 'म्हणे'चं. 'तो आजारी होता' ही माझी जबाबदारी, 'तो आजारी होता म्हणे' म्हटलं की मी हात झटकले, खरं खोटं तो आणि त्याचं नशीब. वकिलाला जे करायला पानभर लागेल ते 'म्हणे' दोन अक्षरात करतं.

अं, अंऽऽ याचंही तसंच. हर्बर्ट क्लार्क आणि जीन फॉक्स ट्री या दोघा मानसशास्त्रज्ञांनी 2002 साली इंग्रजी बोलणाऱ्यांची रेकॉर्डिंग्ज तपासून दाखवलं की माणूस छोटा अडखळणार असेल तर एक आवाज काढतो आणि मोठा अडखळणार असेल तर दुसरा, म्हणजे ऐकणाऱ्याला आधीच इशारा, थांब, माझं संपलेलं नाही. त्यामुळे तुझे सर म्हणतात तसं सगळं उपटून टाकायच्या मागे लागू नकोस, तोंड उघडणारच नाही.

फक्त दोन्ही शब्द सारखे नाहीत. एखादी गोष्ट सांगून ती आणखी सोपी करताना 'म्हणजे' आलं तर ते कामाचं आहे, राहू दे. उत्तराची सुरुवातच 'म्हणजे'ने होते ती तेवढी काढ, कारण अजून तू काही बोललेलाच नाहीयेस. 'ॲक्च्युअली' मात्र समोरच्याचं काहीतरी चुकलंय असं सुचवतं, आणि मेंबरसाहेबांनी जिल्हा विचारल्यावर 'ॲक्च्युअली परभणी' म्हणायचं काहीच कारण नाही. उपाय एकच, प्रश्न संपला की तोंड मिटून दोन सेकंद थांब. तुला ते युगासारखं वाटेल, समोरच्याला वाटेल पोरगा विचार करतोय. आणि कृपा करून 'ॲक्च्युअली' काढून त्या जागी 'नक्कीच सर' बसवू नकोस, क्लासवाले हल्ली सगळ्यांना तेच शिकवतायत आणि ते जास्त वाईट ऐकू येतं.

प्रश्न : मुलगा नारुटो बघतो आणि मधेच म्हणतो पप्पा हे फिलर आहे, स्किप. पैसे भरून घेतलेलं ॲप आणि हा एपिसोड टाकून देतो? (ठाणे)

पोरगं शहाणं आहे. ती मालिका मासाशी किशिमोतो यांच्या मांगावरून, म्हणजे जपानी कॉमिकवरून केलेली. कॉमिकचं नवीन प्रकरण आठवड्याला एक यायचं आणि टीव्हीवर एपिसोड पण आठवड्याला, एपिसोड गोष्ट भराभर खायचा आणि लेखकाला गाठायचा. मग मूळ गोष्ट पुढे सरकेपर्यंत चॅनेलवाल्यांनी स्वतःच्या मनाने भरलेले भाग म्हणजे फिलर, त्यात कुणी महत्त्वाचं मरत नाही, कुणाला नवीन शक्ती मिळत नाही. पहिल्या मालिकेचे 220 भाग आहेत आणि 136 नंतरचे जवळजवळ सगळे फिलर. आपल्या मराठी सिरियलमध्ये मंगळागौर आठवडाभर चालते आणि एका थोबाडीत सगळ्या घरादाराचे चेहरे तीन तीनदा दाखवतात, ते काय वेगळं असतं? फक्त त्याची यादी कुणी करत नाही म्हणून आपल्याला स्किप करता येत नाही.

प्रश्न : तुमच्या मासिकात लेख संपला की खाली चार ओळींचा विनोद किंवा सुभाषित असतं, तोही फिलरच ना? (जुना वर्गणीदार, धुळे)

हो, आमच्याकडे त्याला पानपूरक म्हणतात. खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, जुळवून छापायचे तेव्हा लेख पाऊण पानात संपला तर काय करणार, ओळींमधे शिशाच्या पट्ट्या सारून थोडं ताणता यायचं, पण पाव पान नाही ताणता येत. म्हणून संपादकाच्या खणात पानपूरकांचा साठा कायम तयार. आता कॉम्प्युटरवर अक्षर मोठं करता येतं, फोटो ताणता येतो, तरी तुमच्यासारखी माणसं आधी पानपूरकच वाचतात हे आम्हाला माहीत आहे. डिझाइनवाल्यांचा फिलर आणखी गमतीचा, खरा मजकूर यायच्या आधी पान कसं दिसेल ते बघायला ते 'लोरेम इप्सम' नावाची लॅटिन भरताड टाकतात. ती सिसेरो या रोमन लेखकाच्या इसवीसनपूर्व 45 मधल्या पुस्तकातली मोडतोड करून घेतलेली वाक्यं आहेत, अर्थ लागत नाही आणि लागू नये हीच अपेक्षा.

आता फटाफट.

टायर काळाच का? (बारामती) रबर मुळात काळं नसतं. त्यात कार्बन ब्लॅक फिलर म्हणून घालतात, आणि हा नुसता जागा भरणारा नाही, त्याच्यामुळेच टायर झिजायला टिकतो.

आयटीआयला वेल्डिंग शिकतोय, 304 स्टेनलेसला फिलर वायर कुठली? (चिंचवड) 308 एल. 304 चीच का नाही ते सरांना विचार, विचारलेलं त्यांना आवडेल.

बुकेतली ती पांढरी बारीक फुलं, तिला पण फिलर म्हणतात म्हणे? (तळेगाव) जिप्सो, म्हणजे जिप्सोफिला. गुलाब दहाच असले तरी बुके भरलेला दिसतो तो तिच्यामुळे. फुलवाल्याला गुलाब मोजून द्यायला सांगत जा.

मुलतानी मातीच्या पाकिटावर फिलर्स अर्थ लिहिलंय, चेहऱ्यावर भरते का? (अमरावती) छपाईची चूक. ते फुलर्स अर्थ पाहिजे. फुलर म्हणजे लोकरीचं कापड धुऊन घट्ट करणारा कारागीर, तो कापडातला तेलकटपणा काढायला ही माती वापरायचा. भरत काही नाही, उलट तेल शोषून घेते.

आजोबांच्या नाण्यांच्या डब्यात मधे भोक असलेलं हलकंसं नाणं निघालं, 2 आकडा आणि फिलेर असं लिहिलंय. किती येतील? (रत्नागिरी) हंगेरीचं आहे. 1946 च्या ऑगस्टमध्ये तिथे फोरिंट हे नवीन चलन आलं, त्याचे शंभर फिलेर. तुमचं दोन फिलेरचं ॲल्युमिनिअमचं, 1950 पासून पुढे पाडायचे, वर्ष त्याच्यावरच असेल. 1999 ला उरलेसुरले फिलेर पण चलनातून गेले. आपला भोकाचा पैसा त्याच डब्यात असेल तर दोन्ही शेजारी लावून ठेवा, दिसायला छान दिसतील. विकायला काढलंत तर चहाचे पैसे पण सुटायचे नाहीत.